लाल मातीतल्या टाचण्या

टाचण्या सांडल्या तेव्हा मी तालमीच्या उंबऱ्याबाहेर उभी राहून चपलेचा पट्टा सोडवत होते. आवाज असा आलाच नाही. प्लॅस्टिकची डबी लाल मातीवर पडली, झाकण उघडलं आणि टाचण्या मातीत शिरल्या. फरशीवर पडल्या असत्या तर निदान वाजल्या तरी असत्या.

स्टुलावर उभे असलेले बसूअण्णा खाली बघत राहिले. त्यांच्या एका हातात वर्तमानपत्राचं कात्रण होतं. समोरच्या भिंतीवर आमच्या ऑफिसने बनवलेला हिरवा पिन बोर्ड होता. तो तिथे असायला नको होता.

मी तेव्हा माने सरांच्या इंटीरियरच्या ऑफिसमध्ये ज्युनिअर होते. शाळा इंग्रजी माध्यमाची, स्वभाव गप्प. घरी मराठीच बोलायचो, पण तालीम होती त्या कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतलं मराठी वेगळं. मला उत्तर सुचेपर्यंत समोरचा माणूस पुढच्या विषयावर गेलेला असायचा. सरांनी हे ओळखलं होतं. म्हणून ते मला छोटी कामं द्यायचे, ज्यात फार माणसांशी बोलावं लागत नाही. तालमीचा पिन बोर्ड हे तसं काम समजून त्यांनी माझ्याकडे दिलं होतं.

बसूअण्णा तालीम मंडळाचे सेक्रेटरी. उद्यमनगरात त्यांची लहानशी फौंड्री होती. तरुणपणी तेही कुस्ती करत, गुडघा गेला आणि सुटली. तालमीला नुकताच रंग दिला होता. कुस्त्यांच्या मैदानांची आमंत्रणं, पेपरातली कात्रणं, पैलवानांचे फोटो हे सगळं पूर्वी खळीने भिंतीवर चिकटवलेलं असायचं. ते खरवडून काढताना अर्धा गिलावा निघाला होता. म्हणून आता बोर्ड. स्वस्तात बसवा, पण बघणाऱ्यानं बघत राहिलं पाहिजे, असं त्यांचं म्हणणं होतं.

पिन बोर्डाचे तेव्हा मुख्य तीन प्रकार असत. पहिला कॉर्कचा. कॉर्क म्हणजे एका झाडाची साल. टाचणी काढली की भोक आपोआप मिटतं, त्यामुळे वर्षानुवर्षं टिकतो. पण कोल्हापुरात मिळायचा नाही, बाहेरून मागवावा लागायचा आणि महाग पडायचा. दुसरा थर्मोकोलवर कापड लावलेला. सगळ्यात स्वस्त, पण महिन्याभरात भोकं सैल होतात आणि पांढरा भुगा गळायला लागतो. तिसरा सॉफ्टबोर्ड. लाकडाचा लगदा दाबून केलेला हलका तक्ता, त्यावर फेल्टचं जाड कापड आणि कडेने लाकडी पट्टी. ओल लागली तर फुगतो, पण कोरड्या भिंतीवर उत्तम. किंमत मधली.

मी सॉफ्टबोर्ड सुचवला. ड्रॉइंगमध्ये जागा दाखवली ती तालमीच्या पुढच्या ऑफिसच्या खोलीतली, जिला रस्त्याकडून वेगळं दार होतं आणि जिथे भिंतीला ओल नव्हती. अण्णांनी सही केली. मग आमचा सुतार बोर्ड घेऊन गेला तेव्हा अण्णांना वाटलं, ऑफिसात बसतंय कोण, पोरं तर आत असतात. बोर्ड आत लागला. आत म्हणजे हौद्याच्या बरोबर कडेला.

हौदा म्हणजे कुस्तीच्या सरावाची जागा. लाल मातीने भरलेला मोठा चौकोन. त्या मातीत ताक, तेल, हळद, लिंबू, कापूर घालून ती मळलेली असते. दारात उभं राहिलं तरी तिचा आंबूस, थंड वास येतो. हौद्यात बायका उतरत नाहीत, हे मला कुणी सांगितलं नव्हतं. दूध घालायला येणाऱ्या मावशी रोज किटली उंबऱ्यावर ठेवून तिथूनच हाक मारायच्या, ते पाहून मी समजले होते. मीही चप्पल काढून उंबऱ्यापाशीच थांबायचे, आत जात नव्हते.

डबी पडली तेव्हा संभा हौद्यात उतरायच्या बेतात होता. संभा शाहूवाडीकडचा. घरची भातशेती. कुस्तीसाठी तो इथेच राहायचा, स्वतःचं स्वतः शिजवून खायचा. येत्या रविवारी मैदानात त्याची आतापर्यंतची सगळ्यात मोठी कुस्ती होती. समोरचा पैलवान वजनाने जास्त आणि नावाजलेला. ही लढत चांगली झाली तर संभाला पुढे मोठ्या मैदानांची बोलावणी येणार होती, नाहीतर घरचे त्याला भाताच्या खाचरात परत नेणार होते. हे सगळं अण्णांनी मला बोर्डाचं माप घेताना ऐकवलं होतं. मला कुस्तीतलं काही कळत नव्हतं, पण त्या क्षणी मी संभाचा पाय पाहिला. उचललेला होता आणि तो तसाच हवेत थांबला होता. मातीत काय पडलं हे अण्णांच्या आधी त्याला समजलं होतं.

त्याच वेळी आबा वस्ताद आले.

वस्ताद म्हणजे तालमीचे गुरू. आबांचं वय सत्तरीच्या पुढचं. ते वडगावच्या बाजारात तालमीसाठी म्हैस बघायला गेले होते. डोक्याला पटका, खांद्यावर टॉवेल, हातात म्हशीसाठी घेतलेली नवी दोरी. आत येऊन त्यांनी सगळे उभे असलेले पाहिले.

"का थांबलाय रं?"

अण्णा स्टुलावरून उतरले.

"आबा, टाचण्या सांडल्यात."

"कुठं?"

अण्णांनी बोट दाखवलं. आबांनी मातीकडे पाहिलं, मग बोर्डाकडे, मग दारातल्या माझ्याकडे. मला वाटलं आता आवाज चढेल. पण ते हळू बोलले.

"हौदा बंद."

"आबा, रविवारी संभाचं मैदान हाय."

"म्हणूनच बंद. तोंड मातीत जातंय पोरांचं. डोळा कुठनं आणायचा?"

पैलवान अनवाणी असतो, अंगावर फक्त लंगोट. दुसऱ्याचं सगळं वजन त्याच्या मानेवर, गुडघ्यावर, कानावर येतं आणि खाली माती असते. त्या मातीवर त्याला डोळे मिटून विश्वास टाकता आला पाहिजे. माझ्या ड्रॉइंगमध्ये भिंत होती, ओल होती, उजेड कुठून येतो हेही होतं. खालची जमीन नव्हती. तशी ती कुणाच्याच ड्रॉइंगमध्ये नसते.

वर दिसत होत्या तेवढ्या टाचण्या अण्णांनी वाकून वेचल्या. मग म्हणाले की डबीवर शंभर लिहिलंय, बोर्डावर लावलेल्या आणि वेचलेल्या मोजल्या की राहिल्या किती ते कळेल.

"शंभर लिवलंय म्हंजी शंभरच असत्यात व्हय?" आबा म्हणाले. "तुझ्या फौंड्रीत तरी तू मोजून माल भरतोस का कधी?"

मागे कुणीतरी हसलं. अण्णा मात्र वाकून पुन्हा माती निरखायला लागले.

दुसऱ्या तालमीत सराव करता आला नसता का, असं मी नंतर विचारलं. अण्णांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी परत विचारलं नाही. मैदान तोंडावर असताना आपला पैलवान दुसऱ्याच्या हौद्यात उतरवायचा म्हणजे त्याचे सगळे डाव चार लोकांना दाखवायचे.

मग अण्णांनाच ते सुचलं. फौंड्रीत लोखंड ओतायच्या साच्यांसाठी वापरलेली वाळू परत वापरतात. तिच्यात लोखंडाचे तुकडे राहू नयेत म्हणून ती लोहचुंबकाखालून काढतात. पाटीएवढा जड चुंबक, साखळीने टांगलेला. "आलोच," म्हणून त्यांनी स्कूटरला किक मारली. टेंपोत घालून चुंबक आला तेव्हा तालमीच्या दारात गर्दी जमली होती.

त्या गर्दीविषयी मला सांगायचं आहे. कुणी निरोप दिला होता हे मला आजही माहीत नाही. रिक्षा कडेला लावून चालक येत होते. एक वकील कोर्टातून थेट आले, काळा कोट खुंटीला अडकवला आणि खोरं हातात घेतलं. ज्यांची पोटं सुटली होती, केस पांढरे झाले होते, ते सगळे कधीकाळी याच मातीत खेळलेले. प्रत्येक जण दारात चप्पल काढायचा, मातीला हात लावून कपाळाला लावायचा आणि कामाला लागायचा. कुणी सांडल्या, असं फारसं कुणी विचारलं नाही. बोर्डाकडे बघून एक जण एवढंच म्हणाला, "अण्णा, घरी देवघर हाय न्हवं, तिथं लावायचा हुतासा." अण्णा खाली मान घालून पाटी उचलत राहिले.

पद्धत अशी ठरली. एका कोपऱ्यापासून माती खणायची, ताडपत्रीवर पातळ पसरायची, तिच्यावरून चुंबक फिरवायचा, मग ती चाळायची आणि मोकळ्या झालेल्या जागेत परत टाकायची. चुंबकाला जे लागेल ते परातीत काढायचं. आत उजेड कमी होता. आबांनी परात उचलली आणि उंबऱ्यावर आणून माझ्या पुढ्यात ठेवली.

"तुझी नजर कवळी हाय पोरी. तू निवड."

मी तालमीच्या पायरीवर बसले आणि निवडायला लागले. तांदूळ निवडतात तसं.

पहिल्या परातीत मला टाचण्या दिसल्याच नाहीत. दिसलं ते काळं, केसाळ, मुंगळ्यांसारखं उभं राहिलेलं काहीतरी. बारीक काळी पूड होती. मातीतच लोखंड होतं. इतक्या वर्षांत ते कुणी पाहिलं नव्हतं. परात हातोहात फिरली. वकीलसाहेब ती पूड बोटांवर घेऊन उन्हात बघत राहिले. "मातीतच लोखंड हाय की ओ," असं ते पुन्हा पुन्हा म्हणत होते. त्या पुडीत बोट फिरवलं की टाचणी लागायची. मी त्या एका वाटीत टाकत गेले.

टाचण्यांबरोबर इतर गोष्टीही आल्या. सायकलचा एक छर्रा. एक गंजलेली किल्ली. आणि दुपारनंतर एक खिळा, बोटाएवढा, गंजून तपकिरी झालेला, टोक अजून शाबूत. तो मी आबांच्या हातात दिला. त्यांनी तो बराच वेळ तळहातावर धरला.

"ह्यो कवाचा?" त्यांनी विचारलं. विचारलं असं नाही, स्वतःशीच म्हणाले. मग तो सदऱ्याच्या खिशात ठेवला. त्या मातीत त्यांची हयात गेली होती. एवढी वर्षं तो तिच्यात पडून होता आणि कुणाला लागला नव्हता, ही गोष्ट त्यांना पटकन गिळता येत नव्हती.

संध्याकाळी माने सरांचा निरोप आला. ऑफिसात जाऊन मी सगळं सांगितलं. सर म्हणाले, "ड्रॉइंग काय दाखवतं? ऑफिसची खोली ना? सही आहे ना? मग आपला विषय संपला. तू उद्या दुसऱ्या साइटला जा."

मी मान हलवली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी पुन्हा तालमीच्या पायरीवर जाऊन बसले. सरांना उलट बोलणं मला कधी जमलं नाही. न सांगता जाणं जमलं.

त्या दिवशी दुपारी शेवटची माती उलटली. चुंबकाला नुसती काळी पूड लागत होती. परत फिरवला, पुन्हा पूडच. अण्णा कमरेवर हात ठेवून उभे राहिले.

"झालं आबा. आता एक न्हाय राहिली."

"कशावरनं?"

खरंच कशावरून? चुंबकाने जे उचललं ते आम्हाला दिसलं होतं. जे उचललं नसेल ते कसं दिसणार? संभा लंगोट लावून कोपऱ्यात उभा होता. मैदान दोन दिवसांवर आलं होतं आणि त्याने अंग हलवलं नव्हतं. त्याच्या पायाची बोटं सारखी जमिनीत रुतत होती.

आबांनी पटका काढून खुंटीला लावला. मग सदरा. मग धोतर सोडलं. लंगोटावर ते उभे राहिले. सैल पडलेली कातडी, वाळलेले दंड, पण खांद्यांची रुंदी तशीच. मी नजर खाली घातली. मग वर केली, कारण बघितलं नाही तर पुढे मला कुणी सांगून ते समजणार नव्हतं.

त्यांनी भिंतीवरच्या मारुतीला हात जोडले. हौद्यात उतरले. आणि खाली बसून सावकाश मातीवर उताणे आडवे झाले.

माझ्या शेजारी उभे असलेले वकील माझ्याकडे वाकले. त्यांनी मला हळूच सांगितलं ते असं. कुस्तीत ज्याची पाठ मातीला लागते तो हरतो. आबांच्या सगळ्या कारकिर्दीत एकाही मैदानात कुणाला त्यांची पाठ मातीला लावता आली नव्हती. पेठेत लहान मुलांनाही हे ठाऊक होतं. तालमीतले म्हातारे पैलवान आता भिंतीकडे तोंड करून उभे राहिले होते. त्यांना ते बघवत नव्हतं.

आबा लोळायला लागले. एका भिंतीपासून दुसऱ्या भिंतीपर्यंत. पाठीवर, कुशीवर, पोटावर, पुन्हा पाठीवर. गाल मातीला घासत. घाई नव्हती. भिंतीला टेकले की थोडं सरकायचे आणि उलट दिशेने निघायचे, नांगरणी करावी तसे. मध्ये थांबून दम खायचे. अण्णा पुढे झाले तेव्हा आबांनी हात वर करून त्यांना थांबवलं. मातीचा वास बाहेरपर्यंत येत होता. मी त्या पायरीवर हातातली वाटी घट्ट धरून बसले होते आणि प्रत्येक वेळी त्यांची पाठ खाली गेली की माझीच पाठ आखडत होती. आता टोचेल, आता टोचेल.

हौदा संपला तेव्हा ते उठून बसले. अंग सगळं लाल. संभाला हाक मारली.

"पाठ बघ."

संभाने त्यांच्यामागे बसून दोन्ही तळवे मानेपासून कमरेपर्यंत फिरवले. माती झाडली. पुन्हा फिरवले.

"काय न्हाय, आबा."

"रगत?"

"न्हाय."

"मग उतर. मघापास्नं काय सोंग घिऊन हुबारलाय?"

संभा हौद्यात उतरला. पहिल्यांदा आबांच्या पायाला हात लावला, मग मातीला. मग त्याने शड्डू ठोकला. मांडीवर हात आपटून पैलवान आव्हान देतात त्याला शड्डू म्हणतात. त्या आवाजाने भिंतीकडे तोंड केलेले सगळे वळले.

रविवारची कुस्ती मी पाहिली नाही. निकाल कळला तो तालमीतच. लढत खूप वेळ चालली आणि शेवटी पंचांनी बरोबरीत सोडवली. संभा नाराज होता. पेठेला मात्र तो जिंकल्यासारखाच वाटत होता, कारण एवढ्या वजनाच्या माणसाला त्याने आपली पाठ मातीला लावू दिली नव्हती. आबांना विचारलं तर ते म्हणाले, "पाठ कोरी घिऊन आला. बास." पुढच्या महिन्यात संभाला दुसऱ्या मैदानाचं बोलावणं आलं.

राहिला बोर्ड. हिरवा सॉफ्टबोर्ड काढून पुढच्या ऑफिसात लागला, ड्रॉइंगप्रमाणे. आतल्या भिंतीसाठी काय करायचं हा प्रश्न अण्णांनी परत माझ्याकडे आणला. या वेळी मला फार विचार करावा लागला नाही. उत्तर त्या दोन दिवसांत परातीतून माझ्या हातांखालून गेलं होतं. ट्रंका बनवणाऱ्याकडून साध्या लोखंडी पत्र्याचा तक्ता करून घेतला. त्याच्या चारी कडा आत दुमडल्या, म्हणजे हात कापायला नको. वर हिरवा रंग. कागद धरायला जुन्या, फुटलेल्या लाउडस्पीकरमधले गोल चुंबक. कोल्हापुरात गणपतीनंतर फुटक्या स्पीकरांना तोटा नसतो. असा चुंबक खाली पडला तर धप्पकन आवाज येतो आणि लाल मातीवर काळा ठिपका लांबून दिसतो. सगळं मिळून कॉर्कच्या कितीतरी खाली बसलं.

माप घ्यायचं होतं, पण मी उंबऱ्याच्या बाहेर. टेप संभाने धरला आणि आकडे मी बाहेरून विचारत होते.

"मोठ्यानं बोल पोरी," आबा म्हणाले. "कान मोडल्यात हितं सगळ्यांचं."

कुस्तीत घासून घासून पैलवानांचे कान सुजून मिटत जातात. मी मोठ्याने बोलले. त्या दिवशी रस्त्यावरचे लोकसुद्धा वळून बघत होते.

माने सरांनी नवा बोर्ड पाहिला, हाताने ठोकून बघितला आणि हा आपल्या क्वोटेशनच्या यादीत घाला असं सांगितलं. दुसऱ्या साइटला न जाता त्या दिवशी कुठे होते ते त्यांनी विचारलं नाही. बहुतेक त्यांना कळलं होतं. त्या बोर्डावर चुंबकाने धरलेलं पहिलं कात्रण संभाचं होतं. फोटोत तो पाठमोरा उभा आहे आणि त्याच्या पाठीवर मातीचा डाग नाही. त्या कात्रणाखाली कुणीतरी आबांच्या खिशातला तो गंजलेला खिळाही एका चुंबकाला चिकटवला होता. तो तिथेच राहिला.

आता माझं स्वतःचं ऑफिस आहे. घरासाठी, दुकानासाठी, शाळेसाठी पिन बोर्ड मागायला लोक येतात. कॉर्क घेऊ की सॉफ्टबोर्ड, रंग कुठला, स्वस्त काय पडेल, असं विचारतात. मी आधी विचारते, बोर्डाच्या खाली कोण चालतं? रांगणारं बाळ आहे का, अनवाणी मुलं आहेत का, जमिनीवर झोपणारं कुणी आहे का? लोकांना प्रश्न विचित्र वाटतो. बोर्ड भिंतीवर असतो म्हणून सगळे भिंत बघतात. टाचणी मात्र जमिनीवर पडते.